शेवटच्या खाचराची पाळी

भिवपुरीच्या एका माणसाने पाण्यावरून खून केला होता. गोष्टीत त्याला नाव दिलेलं नाही. असा एखादा प्रत्येक तालुक्यात असतो, आणि नाव दिलं की लोक गोष्ट सोडून त्याचं घर शोधायला लागतात.

भिवपुरीत आणि पाण्यावरून खून, हे पावसाळ्यात धबधब्याखाली भिजायला येणाऱ्या मुंबईकरांना पटायचं नाही. त्यांनी इथलं पाणी जून ते सप्टेंबर एवढंच पाहिलेलं असतं. वर मावळात ठोकरवाडीचं धरण आहे. तिथलं पाणी डोंगर पोखरून घाटाखाली आणलं आहे आणि ते भिवपुरीला टाटांच्या वीजघराची चक्रं फिरवतं. १९२२ पासून हे चाललं आहे. वीज मुंबईकडे जाते. पाणी मात्र इथे उतरतं, राजनाल्याच्या पाटाने कर्जतच्या शिवारात फिरतं आणि त्यावर उन्हाळी भात होतं. कोकणात बहुतेक ठिकाणी पावसाचं भात कापलं की जमीन मोकळी पडते, फार तर वाल पेरायचे. इथे मात्र दुसऱ्यांदा लावणी होते. मोठंच नशीब. पण वीजघर चालतं ते मुंबईला वीज कधी हवी त्या हिशेबाने, भाताच्या हिशेबाने नव्हे. पाटाला पाणी कधी तुडुंब येतं, कधी बेताचं. बेताचं आलं की माथ्याचे शेतकरी आपली खाचरं आधी भरून घेतात आणि शेपटाकडच्याची जमीन भेगाळते.

असंच बेताचं पाणी होतं, फेब्रुवारीतली रात्र होती. आपला हा माणूस माथ्याचा, मेलेला शेपटाचा. याने पाट अडवून पाणी आपल्या खाचरात घेतलं, तो सोडवायला आला. शिवीगाळ झाली, ती बापापर्यंत गेली. दोघांच्याही हातात फावडी होती, याचं आधी उठलं. माणूस पडल्यावर पाटाकडे कोणाचं लक्ष राहणार? पाणी सकाळपर्यंत तिसऱ्याच्याच शेतात वाहत राहिलं.

आधी अलिबागला कच्चा कैदी, शिक्षा लागल्यावर येरवडा, शेवटची वर्षं पैठणच्या खुल्या कारागृहात. जन्मठेप म्हणजे चौदा वर्षं, असं आपल्याकडे पारावर ठामपणे सांगतात, ते खरं नाही. जन्मठेप जन्माचीच असते. खुनासारख्या गुन्ह्यात चौदा वर्षं प्रत्यक्ष तुरुंगात काढल्याशिवाय सरकारला सुटकेचा विचारच करता येत नाही, एवढाच त्या चौदाचा अर्थ. त्यानंतर कागद फिरतात, पोलिसांचा अहवाल येतो, कारागृहाचा येतो. याचे कागद फिरून आले तेव्हा डोक्यावर काळा केस शोधावा लागत होता.

तो कर्जतला उतरला आणि कडावच्या बाजूच्या शेअर रिक्षात बसला. रस्त्याच्या दोन्ही अंगांना त्याच्या आठवणीतली खाचरं नव्हती. कुंपणं होती, फार्महाऊसची फाटकं होती, त्यावर मुंबईकरांची नावं. उतरताना सगळ्यांनी मोबाइल पुढे धरून पैसे दिले. याने खिशातून नोट काढली. रिक्षावाला "सुट्टे नाहीत" म्हणाला आणि हा उरलेले पैसे न घेता खाली उतरला. मागायचे असतात हेच त्याच्या ध्यानात आलं नाही.

घरी आईने भाकरतुकडा ओवाळून टाकला. भाऊ चांगला होता, वहिनी त्याहून चांगली. गोष्टीत अशा वेळी एक दुष्ट भावजय लागते. इथे तशी कोणी नव्हती. पडवीत खाट टाकली, नवी चादर घातली. "भावोजी, तुम्ही फक्त आराम करा," वहिनी म्हणाली. ती ते मनापासून म्हणाली, आणि नेमकं तिथेच सगळं अडलं.

तुरुंगात संध्याकाळी उजेड असतानाच जेवण वाटतात आणि मोजणी करून बराक बंद करतात. आत दिवा रात्रभर चालू. उठायचं मोजणीला, बसायचं मोजणीला, आणि दार उघडायचं ते दुसऱ्याने. खुल्या कारागृहात यातलं बरंच सैल असतं, तिथे तो शेतात राबला होता. पण आधीची दहा-बारा वर्षं शरीरात मुरलेली होती. घरी पाच वाजले की त्याला भूक लागायची. दिवा मालवला की झोप उडायची. न्हाणीघराकडे जायचं तर तो वहिनीला "जाऊ का?" म्हणून विचारायचा. लोटलेल्या दारापुढे उभा राहायचा आणि पुतण्या येऊन ढकलेपर्यंत तसाच उभा. पुतण्या बारा-तेरा वर्षांचा, त्याला आधी गंमत वाटली.

बाहेरही कोणी वाईट बोललं नाही. चहाच्या टपरीवर बाकावर जागा मिळायची, जरा जास्तच मिळायची. तो फार्महाऊसवर माळीकाम विचारायला गेला, तर पोलिसांचा चारित्र्याचा दाखला आणायला सांगितलं. इमारतीच्या कामावर ठेकेदार म्हणाला, "दादा, माझं काही नाही, पण बाकीची पोरं..." लावणीचे दिवस जवळ आले होते, गावात माणूस मिळत नव्हता, लोक लांबून मजूर आणत होते आणि हा पडवीत बसून होता. भाऊ आधार कार्डासाठी नेऊन आणत होता, बँकेत नेऊन आणत होता, सही कुठे करायची ते बोटाने दाखवत होता. काहींनी दार लावून घेतलं, काहींनी त्याच्यासाठी प्रत्येक दार स्वतःच उघडलं. त्याच्या हाताला दोन्हीकडून काम नव्हतंच.

याच तालुक्यात १९४२च्या स्वातंत्र्यलढ्यात भाई कोतवालांच्या आझाद दस्त्याने मुंबईकडे वीज नेणारे मनोरे पाडले होते. कोतवाल आणि हिराजी पाटील २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर हुतात्मा झाले. त्या लढ्यात ज्यांच्या आजोबांनी तुरुंग पाहिला, त्यांच्या घरी ती गोष्ट पाहुण्यांनाही सांगतात. बांधावरच्या भांडणातला तुरुंग घरातल्या घरातसुद्धा सांगत नाहीत. पुतण्याला काका "कामाला लांब होता" एवढंच ठाऊक होतं.

एके रात्री पुतण्याने आजीला विचारलं, "आजे, काका मला रोज बाहेरून कडी लाव म्हणतो. का गं?"

म्हातारीला काही समजेना. तेव्हा पोराने सांगितलं. काका पडवीतली खाट सोडून मागच्या भाताच्या खोलीत झोपायला जातो, पोराला बाहेरून कडी घालायला लावतो आणि सकाळी साडेपाचला काढायला सांगतो. कडी लागली की लगेच घोरतो.

म्हातारी रडली नाही. सकाळी काठी टेकत आप्पांकडे गेली.

आप्पा म्हणजे पाणी वळवणारा म्हातारा. पाटबंधारे खात्याचा पाटकरी वेगळा. तो मोठ्या कालव्यावर. आप्पांना ठेवलेलं शेतकऱ्यांनी, आपापसात पैसे गोळा करून. खालच्या पाटाने कोणाच्या खाचरात किती वेळ पाणी द्यायचं, कुठला बांध फोडायचा आणि कुठला बुजवायचा, हे काम रात्रंदिवसाचं. आप्पांचे गुडघे त्या वर्षी पार गेले होते आणि बदली माणूस मिळत नव्हता. पाण्याची नोकरी म्हणजे सगळ्या गावाच्या शिव्या खायची नोकरी.

आप्पांनी ऐकून घेतलं आणि दुपारी फावडं खांद्यावर टाकून पडवीत आले.

"काय रं, पैठणला काय काम करायचास?"

"शेतात. पाणी द्यायला."

"मग चल."

त्याचा चेहरा उतरला. "आप्पा, पाणी सोडून काहीही सांगा."

"पाणी सोडून माझ्याकडं कायच नाय," आप्पा म्हणाले.

त्या रात्री देवळात बैठक बसली. बैठक कसली, ओरडाच होता. एक जण उठून म्हणाला, "आप्पा, पाण्यावरूनच यानं माणूस मारला. त्याच्याच हातात पाट देता?"

"मग कोणाच्या देऊ? तू देवळात पुराण ऐकतोस नि रात्री माझा बांध फोडतोस." लोक हसले. आप्पा हसले नाहीत. "दोन हातांनी एकदा काय केलं ते सगळ्यांना ठाव आहे. सरकारनं शिक्षा दिली, ती भोगली. सरकारनं कागद देऊन गेटातनं बाहेर काढला, पण ते पोरगं रोज रात्री त्याला कडी घालतंय. कागदावर माणूस अर्धाच सुटतो. बाकीचा अर्धा कोणीतरी काम देऊन सोडवायचा असतो. आराम देऊन नाय."

आप्पांनी तरुणपणी 'दो आँखें बारह हाथ' पाहिला होता, त्यातला साहेब सहा खुनी कैद्यांना घेऊन माळरानावर शेती करतो हे त्यांनी बैठकीत सांगितलं. पोरांनी "सिनेमा आहे तो, आप्पा" म्हणून उडवून लावलं. खरं तर ती नुसती सिनेमाची गोष्ट नाही. औंध संस्थानाने १९३९ साली सांगलीकडच्या आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं, ते कैद्यांसाठीच; भिंत नाही, कैदी शेती करतात आणि कुटुंबासह राहतात. मॉरिस फ्रीडमन या पोलिश इंजिनिअरची ती कल्पना आणि राजे भवानराव पंतप्रतिनिधींचा तिला पाठिंबा. ग. दि. माडगूळकर त्याच मुलखातले. त्यांनी कथा लिहिली, शांतारामबापूंनी १९५७ साली चित्रपट काढला. पैठणच्या शेतात हा माणूस राबला तो याच विचारामुळे. सुटून आलेल्यांसाठी टाटा समाजविज्ञान संस्थेचा 'प्रयास' प्रकल्प १९९० पासून मुंबई-ठाण्यात काम करतो आहे. पण तुरुंगाबाहेरची ही मदत शहरात जास्त, आणि सुटलेला माणूस शेवटी गावातल्या पडवीत येऊन बसतो. तिथे आप्पाच लागतात.

बैठकीत मागे भिंतीला टेकून एक बाई बसली होती. मेलेल्याची बायको. तिचं खाचर अजून शेपटालाच, आणि इतक्या वर्षांत तिच्या पाळीला पुरतं पाणी क्वचितच आलं होतं. तिच्याकडे कोणी बघत नव्हतं. आप्पांनी बघितलं.

"बाय, तुझं काय म्हणणं? तू नाय म्हणालीस तर मी हा विषय इथंच सोडतो."

ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "मला माफ कर म्हणून कोणी सांगू नका. मी करायची नाय. माझ्या खाचरात पाणी येतंय का, तेवढं सांगा."

अशा गोष्टीत विधवेने मोठं मन दाखवून डोळे पुसायचे असतात, असा रिवाज आहे. मला तो रिवाज कधीच आवडला नाही. आपलं दुःख आटोपतं घेऊन तिने गावाला हायसं वाटू द्यावं, हे कोणत्या न्यायात बसतं? तिने पाणी मागितलं ते हक्काचं मागितलं. एका हंगामापुरता त्याला ठेवायचं ठरलं.

पहिल्या पाळीला त्याने आप्पांना रात्रीत इतक्या वेळा फोन केला की आप्पांनी शेवटी फोन बंद करून उशाखाली घातला. "आता मोरी उघडू का?" "आता बुजवू का?" फोन लागेना तेव्हा तो पाटाच्या कडेला बसून राहिला. पाणी वाढलं. कोणीतरी हुकूम देईल याची वाट पाहण्यात वेळ गेला आणि एकाच्या रोपाचा वाफा बुडाला. कोवळं रोप चिखलात आडवं झालं.

सकाळी ज्याचं रोप गेलं तो ओरडत आला. "सांगत होतो की नाही!" बाकीचेही जमले. हा मान खाली घालून फावडं आप्पांच्या अंगणात ठेवायला आला, तर आप्पांनी ते हातात घेतलंच नाही.

"रोप किती गेलं?"

"अर्धा वाफा."

"माझ्या घरचं जास्तीचं रोप आहे, ते त्याला नेऊन दे. किंमत तुझ्या पगारातनं कापीन. बांध दुपारपर्यंत घाल. आणि रात्री पाळी तुझीच आहे. फोन करायचा नाय."

मला या गोष्टीत सगळ्यात मोलाचं वाटतं ते हे. चूक झाल्यावर पगार कापला, काम काढून घेतलं नाही. ज्याचा वाफा बुडाला त्याने त्याच बांधावर उभं राहून याच्याकडून दोन वेळा माती चोपून घेतली, शिव्या घातल्या आणि शेवटी तंबाखूची पुडी पुढे केली. शिव्या तर इतर मजुरांनाही पडतातच.

दुसऱ्या पाळीपासून त्याने एक बदल केला. आप्पांना विचारलं नाही, फक्त सांगितलं: पाणी शेपटाकडून द्यायचं, मग वर वर यायचं. पाटबंधाऱ्यातले साहेब लोकही हेच सांगतात, शेवटच्याला आधी पाणी. पण सगळीकडे हे कागदावर असतं आणि माथ्याचा माणूस फावडं घेऊन उभा असतो. लोक चिडले. याच्या भावाचं खाचर माथ्याला, तोही चिडला.

तिसऱ्या रात्री एकाने मधला बांध फोडला. हा विजेरी घेऊन पोचला तेव्हा तो गडी पाण्यात उभा होता आणि पाट त्याच्या खाचरात वळला होता. चेहरे दिसत नव्हते, फावडी दिसत होती. गडी म्हणाला, "काय करशील? मारशील?"

तो काही क्षण तसाच उभा राहिला. मग त्याने आपलं फावडं पाटाच्या पलीकडे दूर फेकलं, खिशातून पुतण्याचा जुना मोबाइल काढला आणि आजूबाजूच्या चार शेतकऱ्यांना एकामागून एक फोन लावले. एवढंच म्हणाला, "बांध फुटलाय, बघायला या." चौघे शिव्या देत आले. त्यांच्यासमोर त्याने गड्याच्याच फावड्याने बांध घातला. गडी मुकाट्याने घरी गेला. कोणाला मारलं नाही, कोणाला शौर्य दाखवलं नाही, साक्षीदार बोलावले. एवढी अक्कल पहिल्या वेळी असती तर दोन घरं वाचली असती, असं त्या चौघांपैकी एक जण परत जाताना बोललाच. त्याने ऐकून घेतलं.

पहाटे शेवटच्या खाचरात पाणी पोचलं. ती बाई कडेला आली. साडीचा काठ वर खोचून खाचरात उतरली, पाण्यात हात घातला, मनगट बुडालं. दुसऱ्या कोपऱ्यात जाऊन तिथेही तसंच पाहिलं. मग वर येऊन त्याच्याकडे न बघता म्हणाली, "पुढली पाळी कवा?"

"आठव्या दिवशी. रात्री."

"बरं."

इतक्या वर्षांत ती त्याच्याशी एवढंच बोलली. आभार मानले नाहीत, मानायचं कारणही नव्हतं.

मार्चपर्यंत त्याचं संध्याकाळी पाचचं जेवण सुटलं, कारण पाचला तो पाटावर असायचा. रात्रीची पाळी संपवून आला की पडवीत आडवा व्हायचा. कडीचं पोराने मध्येच एकदा विचारलं, तर म्हणाला, "मला तीनला उठून जायचंय, तू कुठं उठतोस." रिक्षावाल्याकडून सुट्टे पैसे मागून घ्यायला लागला, एकदा त्याच्याशी पाच रुपयांवरून वादही घातला. वहिनीला त्या वादाचं वाईट वाटलं. आईला बरं वाटलं.

त्या काका-पुतण्यातली एक गोष्ट मात्र राहिली होती. पाटावर सोबतीला आलेल्या पोराला त्याने एका रात्री स्वतःच सांगितलं, काम कुठे होतं आणि का होतं. पोरगा काही दिवस काकापासून लांब राहिला. नंतर पुन्हा पाटावर यायला लागला. आपण तुरुंगाची गोष्ट पोरांपासून लपवतो आणि ती त्यांना शाळेत दुसरंच कोणीतरी सांगतं. हे बरं का ते बरं, ज्याचं त्याने ठरवावं.

मे महिन्यात भात कापून झालं आणि देवळात पुन्हा बैठक बसली. हिशेब वाचला गेला. बुडालेल्या रोपाचे पैसे कापलेले होते. तक्रारी विचारल्या, तेव्हा शेवटच्या खाचराची ती बाई उभी राहिली. सगळे गप्प झाले. आप्पांनीसुद्धा काठी सरळ केली.

ती म्हणाली, "एप्रिलातल्या दुसऱ्या पाळीला पाणी अर्धा तास उशिरा आलं. माझं अर्ध्या तासाचं पाणी गेलं. ते कोण भरून देणार?"

त्याने उठून सांगितलं, त्या रात्री वरची मोरी तुंबली होती, पण चूक आपली, वेळेत बघायला हवं होतं. अर्ध्या तासाचे पैसे त्याच्या हिशेबातून कापून तिच्या पाणीपट्टीत वळते केले. ती खाली बसली. मग पुढच्या हंगामाला पाण्यावर कोण, हा विषय निघाला आणि दुसरं नाव कोणीच सुचवलं नाही, तिनेही नाही.